अर्धी खाट

नाही, नाही, पिशवी खाटेवर नको — खाली ठेव. शोभाबाईंनी पाठवलं ना? घरमालकीण आहेत, कुणालाही पाठवतात. अर्धीच खाट मिळणार, एवढं तरी सांगितलं का? अर्धी म्हणजे तू रात्रपाळीला गेलास की मी झोपणार, मी गेलो की तू. दर आठवड्याला पाळी बदलते. बस, एवढंच आहे इथे. नाव राहू दे, मला लागत नाही. रविवारी? रविवारी काय असतं — कपडे धुवायचे, वाळेपर्यंत बसायचं, वाळले की सोमवार. हसतोस काय? आठवीतून उठून इथे लूमवर, कापडाच्या मागावर आलो, पाच वर्षं झाली. प्लेगच्या वेळी सगळ्यांबरोबर मीपण गावी अमळनेरला पळालो, वाटलं सुटलो — महिन्यात परत! का आलो? मला कुठे माहीत. तू कशाला आलास, ते तरी सांगता येतं का तुला? नाही ना? मग.

तुझ्याआधी भाईदास होता. दीड वर्ष. त्याचा कारखाना वेगळा, सुट्टीला तो बहिणीकडे चलथाणला, म्हणजे भेट नाहीच. मी यायचो तेव्हा खाट गरम असायची — तेवढीच ओळख. उशीला त्याच्या तेलाचा वास. आधी राग यायचा, मग — जाऊ दे. गेल्या महिन्यात न सांगता गेला. सचिन गावच्या कारखान्यात लागला म्हणे. चादर इथेच राहिली. मी काय करावं? धुतली, घडी घातली, आणि मागच्या रविवारी सचिनला गेलो, तिकडे रविवारी काम चालू असतं. चादरीसाठीच गेलो, दुसरं काही नाही. म्हणजे — विचारायचं होतं, तिकडे काही वेगळं आहे का. ह्याला जायचं सुचलं, मला का सुचत नाही. गेटवर त्याला बोलावून घेतलं. आला, बघितलं, म्हणाला, "कौन?" खानदेशचा माणूस, मला हिंदीत विचारतो! मी म्हटलं, खाटेवरचा. त्यानं चादर घेतली, काखोटीला मारली, गेला आत. पाणीसुद्धा विचारलं नाही.

काय? चहा? माझ्यासाठी? कशाला — आला नाहीस तोवर ओळख वाढवतोस! मी पीत नाही चहा. पितो, पण तुझ्याबरोबर नको. उद्यापासून तुझी रात्र, माझा दिवस, तोंड दिसायचं नाही, तेच बरं. असा बघू नकोस. गल्लीच्या तोंडाला टपरी आहे, कडक हवा असेल तर आधी सांगावं लागतं. जा. एकटा जा.