सतरा नंबरची पँट

लहान कॉलेजांच्या राष्ट्रीय बेसबॉल स्पर्धेचा चौथा दिवस. हॉटडॉगच्या रांगेत म्हाताऱ्या मर्लच्या पुढे दोन बायका होत्या.

"चार खेळाडू उतरलेत माझ्या घरी. रोज कपडे धुते त्यांचे. तिघांच्या पँटी मातीने नुसत्या बरबटलेल्या. आणि सतरा नंबरची? सकाळी दिली तशीच परत!"

"म्हणजे खेळवलंच नाही?"

"एकदासुद्धा नाही! शेवटचं वर्ष त्याचं. काल दहा धावांनी पुढे होते, तरी त्या मेल्या कोचला दया आली नाही. पोरगं आपलं बाकावर बसून टाळ्या पिटतंय!"

"अर्डिथ, हळू बोल."

"का म्हणून? आज त्या कोचला असा फैलावर घेते की बघच!"

तेवढ्यात धुळीने भरलेले बूट घातलेला एक माणूस लगबगीने आला.

"बाई, टोपीवर आमच्या कॉलेजचं नाव दिसलं म्हणून विचारतो. टीम कुठे बसते? नेब्रास्काहून आलोय. गाईंच्या मागे चार वर्षांत एक सामना बघता आला नाही. सतरा नंबर माझा मुलगा. फोनवर म्हणाला, रोज खेळतोय."

अर्डिथ रांग सोडून त्याच्याकडे वळली.

"सतरा नंबर तुमचा होय? मग तुम्हालाच विचारते! धाव घेताना जरा जपून घसरायला शिकवलं नाहीत का हो त्याला? चार दिवस घासतेय, गुडघ्यावरची माती काही निघत नाही!"