बुडालेल्या गावाच्या पांढऱ्या रेघा

मंडळी, आज कीर्तनाला एकच प्रश्न घेऊन उभा आहे. जे उद्या पुसलं जाणार, ते आज करायचं कशाला? सांगा की! — नाही सांगत? मग ऐका.

उज्ज्वला धनावडे नावाची एक बाई. कलावंत. म्हणजे काय करायची? चित्रं काढायची, त्या चित्रांत माणसं उभी करून खेळ मांडायची, आणि त्याचीच फिल्म करायची. वडील रामजी आण्णा चारचौघांत सांगायचे, "पोरगी शिक्षिका आहे." — हसता काय? तुम्हीही तेच सांगितलं असतं!

धनावड्यांचं गाव जांभूळखोरं. उज्ज्वलाच्या जन्माआधीच धरणात गेलं. आण्णांनी पुन्हा त्याचं नाव काढलं नाही. आई मात्र पोरीला निजवताना घर सांगायची — इथं चूल, इथं देव, इथं दार. पुढं आई गेली. आणि एका वैशाखात पाणी इतकं आटलं, की गावाची जमीन वर आली. भिंती नाहीत, नुसता भेगाळलेला गाळ!

उज्ज्वला फक्कीची पोती घेऊन उतरली. खो-खोच्या मैदानावर रेघा मारतात ना, ती पांढरी पूड. हाताशी गावाचा जुना सरकारी नकाशा आणि आईचे शब्द; आठ दिवस राबून तिनं सबंध गाव रेघांनी काढलं. मग जुन्या लोकांना निरोप धाडला — आपापल्या घरात येऊन उभे राहा.

आले हो! पहाटेचं धुकं, आणि भिंती नसलेल्या घरांतून माणसं हिंडतायत. एक म्हातारी वाकून आत शिरली, डोक्याला चौकट लागू नये म्हणून. कुठली चौकट? — पण वाकली! शेजारणीनं शेजारणीला हाक मारली, मध्ये भिंत असल्यासारखी, जरा मोठ्यानं.

आण्णा काठावरच थांबले. "पाणी चढलं की संपलं सगळं."

"हो आण्णा, संपेल," उज्ज्वला म्हणाली.

तेवढ्यात त्यांची नजर आपल्या घरावर गेली. राहवेना. खाली उतरले.

"दार इकडं नव्हतं."

"आई म्हणायची, उगवतीला होतं."

"ते तिच्या माहेरचं. आपलं ओढ्याकडं."

त्यांनी पायानं रेघ पुसली, मूठभर फक्की घेऊन नवं दार काढलं, त्यातून आत गेले आणि चुलीपाशी बसले.

"माझी आई इथनं उठत नव्हती," ते म्हणाले. "पाणी अंगणात आलं होतं. मी तिला ओढून काढली. दंडावर वळ उठले. ती शेवटपर्यंत माझ्याशी बोलली नाही."

उज्ज्वलाच्या हातात कॅमेरा चालू होता. तिनं तो बंद केला, बाजूला ठेवला, आणि बापाशेजारी बसली. किती वेळ? — धुकं विरेपर्यंत.

आषाढात पाणी चढलं, रेघा गेल्या. फिल्म पुढं शहरात गाजली. तिच्यात आण्णा नाहीत. पण त्या दिवसापासून आण्णा बोलू लागले. जेवताना, रोज थोडं थोडं. दोन वर्षांनी गेले, ते आपल्या आईचं नाव घेत, हलक्या मनानं.

मग मंडळी, वाया गेलं का ते? माना छान डोलावताय! पण तुमच्या घरात वर्षानुवर्षं गप्प बसलेलं कुणी आहे ना? त्याच्यापाशी जा. त्याच्यासाठी काहीतरी करा. चुकलात तरी चालेल — चूक दाखवायला का होईना, ते माणूस तोंड उघडेल.

आरती आम्ही करून घेतो. ज्याला घरी जायचंय, त्यानं आत्ताच उठावं.