डोक्यावर ठेवलेला हात

आजच्या समारंभाचे अध्यक्ष, आमचे सरपंच सरदार बलकार सिंगजी, व्यासपीठावरचे आदरणीय पाहुणे, ज्यांच्या सत्कारासाठी आपण जमलो ते चित्रपट दिग्दर्शक दलवीर सिंगजी आणि समोर बसलेल्या माझ्या मायबहिणी, वाहेगुरूचं स्मरण करून सर्वांना सत् श्री अकाल.

गुरुद्वाऱ्याच्या लंगरचा हिशेब माझ्याकडे असतो, त्यामुळे शब्दही बेतानेच खर्चते. सरपंचजी म्हणाले, "बीबी, चार शब्द कौतुकाचे बोल आणि बायकांतर्फे दलवीरजींना फुलकारीची भरजरी ओढणी पांघर."

कौतुक करतेच. चित्रपट देखणा आहे. आपल्या शिवारातलं शमीचं झाड पडद्यावर इतकं मोठं दिसेल असं वाटलं नव्हतं.

गोष्ट कोणाला ठाऊक नाही? मुलगी लग्नघरातून प्रियकराच्या घोडीवर बसून निघते. तो शमीखाली झोपतो. पाठलागावरचे भाऊ मरू नयेत म्हणून ती त्याचे बाण मोडते, आणि भाऊ येऊन त्यालाच मारतात. लाहोरचे काय, मुंबईचे काय, आजवरच्या चित्रपटांनी तिलाच दगाबाज ठरवलं.

आपल्या गावच्या बायकांच्या गाण्यात मात्र आणखी एक कडवं आहे. थोरला भाऊ आधी एकटा येतो. बहिणीच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतो, की तू बाण मोड, आम्ही त्याच्या केसालाही धक्का लावणार नाही. मग ती मोडते. हे कडवं लग्नघरात दारं लावून गातात. पुरुषांपैकी ऐकायचा हक्क फक्त गाणारीच्या भावाला, डोक्यावरच्या हाताचा अर्थ त्याला कळावा म्हणून.

माझ्या सासूबाई, बीजी बचन कौर, पहिल्या रांगेत बसल्या आहेत. त्यांना भाऊ नाही. दलवीरजी आमच्या अंगणात आले तो दिवस मला आठवतो.

"बीजी, ते कडवं ऐकवा ना."

"पुरुषाला नाही ऐकवत, पुत्तर."

"मग मला भाऊ करा."

"एवढी म्हातारी बहीण झेपेल तुला?"

"तुमच्या हातचं साग मिळणार असेल तर झेपेल."

बीजी हसल्या, मग गंभीर झाल्या. "तोंडाने भाऊ म्हणवणारे गोष्टीतही होते. डोक्यावर हात ठेव आणि सांग, चित्रपटात घेताना कडव्यातली शपथ कापणार नाहीस."

दलवीरजींनी हात ठेवला. बीजींनी पेटीतून आपल्या आईच्या हातची फुलकारी काढली, भाऊ म्हणून त्यांच्या खांद्यावर घातली आणि त्यांच्या ध्वनिमुद्रकासमोर गायल्या.

आम्ही ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बसून बठिंड्याला चित्रपट पाहायला गेलो. पडद्यावर भाऊ आलाच नाही. शपथ नाही, हात नाही. मुलगी आपल्याच मनाने बाण मोडते आणि मागे बीजींचा आवाज, शपथ संपते तिथून पुढचा. बीजींनी माझी बाही ओढली. "आवाज माझा आहे, पण हे मी गायले नाही."

मी दलवीरजींना फोन केला. ते म्हणाले, "बीबी, शपथ दाखवली तर लोक रागावणार कोणावर?"

"भावावर."

"भावावर रागवायला तिकीट कोण काढेल?"

माघात माझ्या सिमरतचं लग्न झालं. दारं लावली, बायका बसल्या. बीजींनी तोंड उघडलं आणि मिटलं. कोणीतरी म्हणालं, "गा की बीजी. आता तर पुरुषांनीही पैसे देऊन ऐकलंय." त्या कडव्याविनाच माझी लेक सासरी गेली.

थोड्या वेळाने दिवे मालवून इथे तोच चित्रपट दाखवणार आहेत. दलवीरजी, शमीच्या झाडाचा प्रसंग आला की आवाज बंद करायला सांगा. बाण मुकाट मोडू देत. आणि आज तुम्ही खांद्यावर घेऊन आलात ती फुलकारी बीजींची आहे. बायकांतर्फे मी काही पांघरणार नाही, तेवढी परत न्यायला आले आहे.

आपण शांतपणे ऐकलंत, हे उपकार. कार्यक्रमाची शोभा माझ्यामुळे उणावली असेल तर लेक समजून पोटात घाला. दलवीरजी, चार पायऱ्या उतरून फुलकारी बीजींच्या मांडीवर आपल्या हाताने ठेवा. डोक्यावर मात्र हात ठेवू नका. त्यांनी तसं सांगून ठेवलं आहे.