तंबूची पाठ समुद्राकडे

व्यासपीठावर विराजमान असलेले सर्फिंग मंडळाचे सन्माननीय अध्यक्ष, शीतपेय कंपनीचे प्रायोजक महोदय, परीक्षक मंडळी, आणि खुर्ची मिळालेल्या व न मिळालेल्या सर्व सर्फर बंधू-भगिनींनो, नमस्कार.

मी सत्कारमूर्तींची थोरली बहीण. सर्फिंगच्या फळ्या दुरुस्त करते. भाषणाची सवय नाही, पण अध्यक्ष म्हणाले, "ताई, दोनच शब्द बोला, पण गोड बोला." प्रयत्न करते.

आमचा धाकटा स्वतः व्यावसायिक सर्फर होता. गुडघा गेला तेव्हा मंडळानं त्याला पुष्पगुच्छ दिला आणि संघातून काढलं. दोन्ही कामं एकाच दिवशी उरकली. कार्यक्षमता म्हणतात ती हीच. बरेच दिवस तो माझ्या दुकानात नुसता बसून असायचा. मग एक दिवस कॅमेरा घेऊन पाण्यात उतरला. म्हणाला, "फळीवर उभं राहता येत नाही गं ताई, पण तरंगता तर येतं."

पुढे मंडळानंच त्याला या खेळावर चित्रपट करायला सांगितलं. सूचना एकच, शीतपेयाचा डबा ठळक दिसावा. त्यानं दाखवला. खेळाडू डबा धरून हसतायत, मग पुन्हा हसतायत, कारण आधी लेबल उलटं होतं. यात खोटं काय आहे?

मग तो वादळाचा दिवस. स्पर्धेच्या थेट प्रक्षेपणाची वेळ ठरलेली. ती बदलायची तर प्रायोजकांना विचारायला हवं. समुद्राला विचारून काय उपयोग? वारा आत येतो म्हणून परीक्षकांनी तंबूची पाठ समुद्राकडे केली होती. आतून निरोप आला, लाटा योग्य आहेत.

तेव्हा आपली गतविजेती, जिला सगळे टिटवी म्हणतात, फळी वाळूत रोवून म्हणाली, "मी नाही जाणार. बाहेर येऊन बघा तरी." कुणी आलं नाही. तिच्यामागे आणखी पाच जणी थांबल्या. मंडळानं टिटवीवर वर्षभराची बंदी घातली. कारण, भित्रेपणा.

धाकट्याला तंबूत प्रवेश नव्हता, म्हणून तो पाण्यातून चित्रण करत होता. मी काठावर त्याच्या नावानं बोटं मोडत होते. त्यानं टिपलं ते असं: पुढे सुरक्षेची बोट उलटतेय, मागे तंबूची पाठ. बोटीवरचे दोघे पोहत काठाला लागले, म्हणून आज मला थट्टा सुचतेय.

अध्यक्ष स्वतः दुकानात आले. "एवढं दृश्य कापा." धाकटा म्हणाला, "साहेब, ते कापलं तर फक्त डबा उरतो."

चित्रपट लागला, लोकांनी पाहिला, बंदी उठली. आज मानपत्रात लिहिलंय, 'मंडळाच्या मोलाच्या सहकार्याने'. खरंच आहे. तंबूत घेतलं असतं, तर त्याला तंबू दिसला असता का?

मंडळाचे, प्रायोजकांचे आभार मानते. बोलण्यात उणंअधिक झालं असेल तर पोटात घाला. एक आभार राहिले, टिटवीचे. तिच्यामागे थांबलेल्या त्या पाच जणी मागच्या रांगेत बसल्यात. धडधाकट आहेत. जरा वळून बघा.