जाहिराती लागल्या की अक्का बोलायच्या

मंडळी, अमळनेरहून, चाळीसगावहून तुम्ही सगळे अक्कांच्या शोकसभेला आलात. मी त्यांची सून. वीज उपकेंद्रात इंजिनिअर आहे. यंत्राबद्दल विचाराल तर नीट सांगेन. माणसाबद्दल बोलणं मला जमत नाही. तरी उभी आहे.

देवपूरच्या घरात रोज संध्याकाळी आम्ही दोघी एक मालिका पाहायचो. जुन्या काळातली. एक सरदार, त्याची बायको, सासू, आणि सरदाराची दुसरी बाई. अक्का पडद्याशीच भांडायच्या. "हाई बाई इतला दागिना घालीसन झोपस का?"

जाहिराती लागल्या की अक्का आवाज बंद करायच्या. आमचं खरं बोलणं तेवढ्यातच व्हायचं.

माझे पती नितीन दुसऱ्या बाईसोबत चाळीसगावला राहायला गेले. तुम्हा सगळ्यांना ठाऊक आहे, म्हणूनच बोलते. त्या दिवसांत मालिकेतली सासू सुनेला म्हणाली, पुरुष परत येतो, वाट पाहा. मी अक्कांकडे पाहिलं नाही. आता याही तेच म्हणणार, असं वाटलं. जाहिराती लागल्या. आवाज बंद झाला. अक्का म्हणाल्या, "वाट नको देखू. मन्हा पोऱ्या चुकना. तू नही."

नाना, तुम्ही त्यांचे धाकटे भाऊ. तुम्हीच विचारलं होतं ना, मुलगा गेला, मग सून इथे कशाला? काय म्हणाल्या त्या?

"पोऱ्या गया, म्हनीसन पोर बी काढी देऊ का?"

पुन्हा कुणी विचारलं नाही.

आज सकाळी नाना मला म्हणाले, "नितीन घरी परत येतोय. अक्काची तीच इच्छा होती. जुळवून घे, बेटा." नाना, तुमचा मान राखून सांगते. अक्कांची ती इच्छा नव्हती. मी या घरात नितीनची वाट पाहत नव्हते. मी अक्कांसोबत राहत होते. आता अक्का नाहीत. घराची किल्ली मी त्यांच्या फोटोपाशी ठेवली आहे.

सुतकात टीव्ही लावत नाहीत. काल मी लावला. मालिकेतला सरदार परत आला. बायकोने त्याला ओवाळलं. जाहिराती लागल्या. मी आवाज बंद केला आणि शेजारच्या, अक्कांच्या खुर्चीकडे पाहिलं.



आता आपण सगळे उठून थोडा वेळ शांत उभे राहू या. अक्कांची बोलायची वेळ हीच होती.

अक्का, आवाज बंद केला आहे.