शाल्मलीच्या नाकाला कांदा

नाही, पण मी म्हणते, मरायचं सोंगच करायचं होतं तर शेजारी एक मेसेज टाकता येत नव्हता? भिंतीला भिंत लागून घर, मधे कंबरेएवढं झुडपांचं हेज! तुम्हाला सांगते, मी काही डोकावत नव्हते, हं. कुंड्यांना पाणी घालत होते. पाऊस पडत होता, ते जाऊ दे...

तर आमच्या शेजारच्या डॉक्टर शशिधरांची शाल्मली, इथेच इंग्लंडात, वॉटफर्डला जन्मलेली, वीस-बावीसची पोर, पुढच्या दारात आडवी! डोळे मिटलेले, ओठ निळे, आणि आई-बाप दोघं हॉस्पिटलात ड्यूटीवर! एकजण कुत्रं घेऊन गेला, "यू ऑलराइट, लव्ह?" म्हणाला, उत्तराला थांबतोय कशाला! मग डिलिव्हरीवाला. त्याने हिच्या पोटाशी पार्सल ठेवलं, पार्सलचा फोटो काढला आणि गेला! माणूस मेलं तरी चालेल, पार्सल पोचलं पाहिजे!

मी धावले. गाऊनवर, एका पायात स्लिपर. अँब्युलन्ससाठी नाइन नाइन नाइन फिरवायचं सुचतंय कुणाला? आमच्याकडे कुणी बेशुद्ध पडलं की आधी कांदा! परत घरात, कांदा घेतला, त्यांच्या पायरीवर बुक्कीने फोडला आणि दाबला हिच्या नाकावर. "शाल्मले, ऊठ गं बाई, तुझ्या आईला मी काय तोंड दाखवू?" ओरडतेय, रडतेय, गदागदा हलवतेय... आणि पोरगी शिंकत ताडकन उठून बसली!

"काकू, स्टॉप! इट्स परफॉर्मन्स आर्ट! कोण थांबतात ते बघायची होती मला!" आणि ओठांचा निळा रंग पुसत बोट दाखवते कुठे, तर कचऱ्याच्या बिनच्या मागे कॅमेरा! "तुम्ही अमेझिंग होता, काकू! हे व्हायरल होणार!"

व्हायरल? मी? गाऊनवर? मराठी मंडळाच्या ग्रुपवर? मी काही डोकावत नव्हते, हं, पण व्हिडिओत तसंच दिसणार ना!

बरं, गाऊनचं सोडा. मी तिचा हात ओढून माझ्या छातीवर ठेवला. म्हटलं, "बघ, कसं धडधडतंय. तुझं मरणं खोटं होतं गं, माझं रडणं खरं होतं. ते मला न विचारता घेतलंस तू. आणि उद्या कुणी खरंच पडलं, आणि मी म्हटलं, जाऊ दे, असेल कॅमेरा... मग?"

मग हळूच म्हणते, "पण काकू, बाकीचे थांबलेच नाही. ते पण खरं होतं ना?"

होतंच की. म्हटलं, "त्यावर कर काहीतरी, जरूर कर. पण ज्याला व्हिडिओत दाखवायचं, त्याला आधी विचार."

"मग विचारते. टाकू?"

"नको."

आणि व्हिडिओ पुसला हो! माझ्यासमोर! लाइक्ससाठी जीव टाकणारी पोर, ओठ चावला, पण पुसला.

पुढच्या शनिवारी ती पुन्हा तिथेच आडवी. मी काही डोकावत नव्हते, हं, पण या वेळी उशाशी इंग्रजीत पाटी होती, 'मी ठीक आहे. कॅमेरा नाही. दोन मिनिटं बसाल?' आणि लोक बसले! कोपऱ्यावरची म्हातारी मार्गारेट तर थर्मास घेऊन आली आणि गेलेल्या नवऱ्याबद्दल तासभर बोलली. इथले लोक आपल्या फाटकाच्या आत कुणाला घेत नाहीत हो!

सगळं छान झालं. नुकसान झालं ते माझं. आता ही पोर काहीही करायच्या आधी माझं दार वाजवते. काय करणार, कुठे करणार, कोण येणार, का येणार, सगळं बसून सांगते... मग मी चौकशी करायची तरी कशाची?