चिकटलेली दोन पानं

हॅलो?… हो, एवारिस्तोच… कोण? दोना जुरेमा?… अहो, पाचला पडदा ना तुमचा?… पहिली घंटा झालीसुद्धा? मग फोनवर काय करताय?

…नाही, झोपलो नव्हतो. आंब्याखाली बसलोय, खाडीकडे तोंड करून. तिकडे रिओला यायचंच होतं हो, पण गुडघे बोटीत चढू देत नाहीत…

…मंचावर जाणार नाही म्हणजे?… ऐका ना… अहो, ब्याऐंशीव्या वर्षी तुम्हाला बघायला थिएटर भरलंय… हो, हो… बंदरावरची बाई. पंचावन्न वर्षांपूर्वी तुम्हीच उभी केलीत ना?… हं. ती सुरुवातीची शांतता. दिग्दर्शकाला तीच हवी… आणि तेव्हा मनात काय होतं, ते तुम्हाला आठवत नाही…

…थांबा. मला एक सांगू द्या. नाही, आत्ताच. नंतर धीर व्हायचा नाही.

ती शांतता तुमची नव्हतीच. माझी होती… अहो, पडदा वर गेला, तुम्ही पहिलंच वाक्य विसरलात. मंचाखालच्या खोक्यात प्रॉम्प्टर म्हणून मी. आणि माझ्या वहीची पानं चिकटलेली!… पेरूच्या वडीनं. तुमच्या आईनं मिनासहून पाठवलेली, तुम्हीच दिली होतीत. नाटकाआधी खाल्ली, बोटं पुसायची राहिली… पाठ होतं हो मला, पण घाबरलो की मला माझं नावसुद्धा आठवत नाही. मी आपला नखानं पानं सोडवतोय, आणि वर तुम्ही समुद्र बघत उभ्या. डोळ्यांत पाणी. सगळं थिएटर हुंदके देतंय…

…दुसऱ्या दिवशी पेपरात फोटो. मग सिनेमातली ती धोबीण, मग टीव्हीवरची ती दुष्ट सासू… हो, हो, कोळिणीनं तुम्हाला मासे द्यायला नकार दिला होता! पेपरवाले दरवेळी त्या शांततेपासूनच सुरुवात करायचे. आणि मी इथे मान खाली घालून वाचायचो.

…हसताय?… काय? माहीत होतं?… दिसत होतो मी?… म्हणजे समुद्र वगैरे काही नाही… माझ्याकडे बघत होतात? मग ते पाणी?… हसू दाबल्याचं! अरे देवा…

…पुन्हा सांगा. खाडीवर बोटीचा भोंगा झाला… मला पान सापडू नये, असं तुम्हाला वाटत होतं?… का?… मला बघत राहता यावं म्हणून?…

…

…हो, आहे. आहे मी. दुसरी घंटा ना? ऐकली.

…आता खोकं नाही, ठाऊक आहे, बुजवलं. पण दुपारी डोळा लागला की मी अजून तिथेच असतो. वर दिव्यांतली धूळ, तुमच्या घागऱ्याची कड. तुमचे पाय मी चेहऱ्याआधी ओळखतो… नाही, कॉफीच प्यायलोय.

…असं करा. फोन चालू ठेवा, शालीत खोचा… अहो, प्रॉम्प्ट नाही करणार. नुसता असेन… कोण आलंय? शुभेच्छा देतोय? हाकला त्याला! एवढं कळत नाही, नाटकाआधी शुभेच्छा म्हणजे अपशकुन, 'शेण' म्हणतात?… तिसरी. जा आता… शेण, दोना जुरेमा… काय?… 'दोना' वगैरे मान नको?… बरं. नुसतं जुरेमा. शेण, जुरेमा.

…

…पडदा वर गेला… टाळ्या… थांबल्या.

…

…विसरली. 'बोट अजून आली नाही.' 'बोट अजून'… नाही. नाही सांगणार.

…

…प्रेक्षकांत कोणीतरी नाक ओढलं… आणखी एक…

…बोलू नकोस, जुरेमा. घाई नाही. पानं सोडवतोय मी…

…

…हं.

…आली नाही म्हणते बोट.

…हॅलो?… गेला वाटतं फोन.